ड्रमशिवायचा अल्बम

(हुबळीच्या दाजीबानपेठेतलं कापडाचं दुकान. दुपारची सामसूम. गल्ल्यावर नागेश, समोर त्याची वहिनी शालिनी.)

शालिनी: चहाबिहा नको, भाऊजी. आधी सांगा, तो अल्बम पुन्हा काढताय म्हणे?

नागेश: मी कुठला काढतोय! बेंगळूरची पोरं मागे लागलीत. कारगिलवर असला रॉक कुणी केलाच नाही म्हणे. आता थोर झाला! तेव्हा याच गावानं अंडी मारली होती आम्हाला.

शालिनी: मारणारच. गावाला वीरगीत हवं होतं. तुम्ही गायलात, 'हारफुलं नकोत, माणूस परत द्या'. आणि ड्रम तर नाहीतच.

नागेश: ड्रमवर अण्णा बसायचा. तो बर्फात गेला तो गेला. त्याच्या जागी कुणाला बसवू?

शालिनी: त्याचा राग नव्हता हो. दर गाण्याआधी यांचा आवाज लावलात, तालमीच्या टेपमधला. 'ओंदु, एरडु, मूरु...' मोजायचं ते कन्नडमधूनच, अख्ख्या बाजारासारखं. मी हातातलं पीठ टाकून बाहेर धावले. वाटलं, आले.

नागेश: आणि भर अंगणात म्हणालात, भावाच्या मढ्यावर टाळ्या मिळवता.

शालिनी: बोलले ते बोलले. माघार नाही घेत.

नागेश: नका घेऊ. मला आता भांडायचं त्राणच नाही, वहिनी. पोरांना सांगून टाकलंय, अण्णाचे आवाज वगळा. अल्बमच्या मूळ टेपला बुरशी लागलीय, एकदाच कशीबशी वाजेल म्हणाले. तेव्हा कॉम्प्युटरवर उतरेल तेवढं उतरेल.

शालिनी: वगळा म्हणालात?

नागेश: तुमच्यासाठीच की!

शालिनी: परवा वेदश्रीनं विचारलं, 'आई, बाबा बोलायचे कसे?' लेकीला सांगायला तोंड उघडलं आणि आठवेचना. फोटो आहेत घरभर. लग्नाच्या व्हिडिओत नुसता बँडबाजा. अल्बमची माझी कॅसेट मी तेव्हाच उणकलच्या तळ्यात भिरकावली. तुमच्याकडे असेल एखादी?

नागेश: सगळ्या चिकटून गेल्या. अरे देवा, वहिनी... आजच उतरवणार होते ते.

शालिनी: मग बघत काय बसलाय? लावा फोन!

नागेश: वाजतोय... हां, नागेश बोलतोय हुबळीहून. टेप लावली का रे?... थांब, थांब, हात लावू नको! नाही लावली, वहिनी. काय सांगू? थोडा आवाज ठेवा म्हणू?

शालिनी: सगळा ठेवा म्हणावं. आणि यांचं मोजून झालं की लगेच गाणं सुरू करू नका. जरा थांबा म्हणावं.