कोर्टात बंद पडलेली भट्टी

—नाई जी, मालक म्हनून ज्यायले तुमी शोधता ते चांद्याले गेले, वकिलाकडं. पन खरं इचाराल तं मालक मीच हावो. हसू नोका. बाहेर पाटी वाचली ना — अन्नपूर्णा कवेलू कारखाना? ते अन्नपूर्णा म्हंजे मी. गेल्या दिवाळीपासून. बसा, खाटेवर बसा, त्या कवेलूवर नोका टेकू, कच्चे हायेत, तुमचा ठसा उमटन अन् तसाच भाजून निंगन. फंडाचे इनिस्पेक्टर ना तुमी? वळखलं मी. भर उन्हात कातडी बॅग घेऊन छपराचे कवेलू घ्यायले कोनी येत नाई.

तुमचं म्हननं मले ठाऊक हाये. मजुराच्या पगारातून थोडं कापाचं, तेवढंच मालकानं पदरचं टाकाचं, अन् मानूस थकला का त्याच्या हातात द्याचं. बरोबर ना? कायदा चांगला हाये, मी काऊन वाईट म्हनू? पन आमचा कारखाना नवा हाये, अन् नव्याले तीन वरसं माफी — तुमच्याच कायद्यात हाये, वकिलानं मले पाठ करून देल्लं. जुना होता तो यायचा, माझ्या नवऱ्याचा. तो बंद पडला. मेल्यापासून वसुली कशी करता जी? तहसीलदारानं जप्तीची नोटीस लावली, तं आमी नागपूरच्या हायकोर्टातून तिले थांबवून आनलं. महिनाभर कुलूप, भट्टी पार थंडी, मंग नवी पाटी, नवी मालकीण — शपथेवर लिवून देल्लं हाये. आंगठा नाई, सही केली मी. चौथी शिकली हावो.

घ्या, चाय घ्या. — काय म्हंता, एवढी भट्टी थंडी झाल्यावर पुन्हा पेटवाले गंज लाकूड लागलं असन? वा जी! थंडी काऊन होईन? माझ्या सासऱ्यानं पेटवली तवापासून हिचा इस्तो विझला नाई. गोल हाये ना ते — इस्तो एका कोठीतून दुसऱ्या कोठीत सरकते, मागच्या कोठीतून कवेलू काढाचे, पुढची भराची, असा फिरतच राह्यते. सासरे मरताना पोराले नाई, मले म्हनले, बाई, घरची चूल विझली तं शेजारून इस्तो मागशीन, हिच्यासाठी कोनाकडं जाशीन? अन् आमी इझवू? समोरून कुलूप होतं तं काय झालं, मागून आमचा जुना भट्टीवाला लटारूभाऊ घुसे. यायले पत्ताच नाई. भाऊ लाकूड टाके, अन् मी पदराखाली लाखोळीची डाळ-भात नेऊन देत होती. बायका इचारत, धूर कायचा व? मी म्हनो, दिवाळीच्या चकल्या तळून राह्यली. महिनाभर चकल्या —

पेन काऊन काढला जी?

नोका लिवू. मी दुसऱ्या भट्टीचं सांगतलं. दुसरी नाई आमच्याकडं, ते खरं हाये. म्हंजे विझली होती, पन थोडी... असं थोडं विझते का म्हंता? नाई विझत. लटारूभाऊले इचारू नोका, त्याले खोटं जमत नाई. अन् तसाही तो आता काय पाहीन — भट्टीच्या भोकातून इस्त्याचा रंग पाहू पाहू एक डोळा गेला, दुसरा जाऊन राह्यला. परवा म्हने, बाई, पगारातून कापत होते ते कवा भेटन? मी म्हनली, भाऊ, ते कोर्टात हाये. तं म्हने, कोर्टाले म्हातारपन येत नाई का जी? मी हसली. मंग रातच्याले जेवन गेलं नाई मले. लय वाईट वाटलं, साहेब. खरं सांगतो.

थांबले काऊन? लिवा ना. ते शपथेचं यायच्या हातानं लिवलं असतं तं मी कोन होती बोलाले? पन यायनंच मले मालकीण केलं. लिवा — भट्टी एक दिवस बी थंडी नोयती, कारखाना तोच हाये. शपथेवर खोटं लिवल्याचं जे होईन ते होईन. कुठी सही करू? इथी?

झालं. आता निंगा, बसची येळ झाली, हे येतीन. मागच्या दारानं जा. भोकापाशी म्हातारा बसला हाये, पैसे भेटतीन म्हनून त्याले आताच काई सांगू नोका. रडत बसन तो, अन् मंग लाकूड कोन टाकन?