उशिराचे कारण

(गिरगावातील वकील पॉलीन यांची कचेरी. समोर बकुळाबाई आणि त्यांची सून दीपिका, मुलगा धम्मपाल याची विधवा.)

पॉलीन : ...आणि शेवटी, ‘दोन्ही अर्जदार अशिक्षित असून त्यांना कायद्याची माहिती नव्हती.’ बकुळाबाई, इथे सही. दीपिका, तू खाली.

बकुळा : वकीलबाई, हे वाक्य खोडा.

पॉलीन : उशिराच्या सगळ्या अर्जांत असतं हो ते.

बकुळा : एकतीस वर्षे मी काळाचौकीत शिकवले. आमच्या चाळीतल्या कितीतरी बायका अंगठा सोडून सही करू लागल्या, त्या माझ्या हाताखाली. मी अशिक्षित?

दीपिका : आई, लिहू दे ना. कागदावरच तर आहे.

बकुळा : कागदावर आहे, म्हणूनच.

पॉलीन : ऐका. धम्मपाल साइटवर लिफ्टच्या खड्ड्यात पडून गेला, त्याला तीन वर्षं दोन महिने झाले. भरपाईचा दावा दोन वर्षांत लावायचा असतो. आपण चौदा महिने लेट. कारण पटलं तर कोर्ट उशीर माफ करेल. नाही पटलं, तर चूक कुणाची हे कुणी विचारणारसुद्धा नाही. दुसरं कारण आहे?

दीपिका : तो प्रफुल्ल, ठेकेदाराचा माणूस. बोलला, केस नको, भरपाई घरपोच येईल. पहिल्या स्मृतिदिनाला आला, वंदनेला बसला. खीर पण खाल्ली.

बकुळा : बुद्धमूर्तीसमोर मेणबत्ती लावून त्याने शब्द दिला. मीही दिला, की आम्ही न्यायालयाची पायरी चढणार नाही. दुसऱ्या स्मृतिदिनीही तो आला. ‘एवढा महिना थांबा’ म्हणाला.

पॉलीन : म्हणजे मुदत संपली त्या दिवशी.

बकुळा : होय. तिसऱ्या वर्षी त्याच्यासाठी ताट वाढून ठेवले होते. तो आला नाही.

पॉलीन : आश्वासनावर विसंबलात. चालेल हे. पण समोरचा वकील विचारेल, मुदतीचं तुम्हाला कुणी सांगितलं नव्हतं?

दीपिका : कुणीच नाही. खालच्या मजल्यावरचे नाना, युनियनवाले, अर्ज भरून आणतो बोलले होते. आणलाच नाही. मी तर त्यांच्याशी बोलणंच टाकलं. वारले, तेव्हा मयतीलाही नाही गेले.

बकुळा : नानांनी आणला होता.

दीपिका : काय?

बकुळा : मुदतीला दोन महिने होते. केवळ तुझी न् माझी सही हवी होती. तू कामावर होतीस. मी तो मूर्तीखालच्या वस्त्राखाली ठेवला.

दीपिका : मी विचारलं होतं तुम्हाला. ‘नाना फिरकले नाहीत’ बोललात.

बकुळा : खोटे बोलले. शब्द दिला होता मी. पोराच्या मरणावरून चारचौघांत भांडणे मला कमीपणाचे वाटले.

दीपिका : मॉलमध्ये बारा तास फरशी पुसते मी, आई. लेकीची, ओवीची शाळा सोडवली.

बकुळा : ठाऊक आहे.

पॉलीन : तो अर्ज आहे अजून?

बकुळा : आणला आहे. हे घ्या. नानांचे अक्षर, खाली तारीख.

पॉलीन : बकुळाबाई, हा लावला तर ते म्हणतील, म्हातारीला सगळं माहीत होतं, मुद्दाम थांबली. तुमचा दावा जाईल.

बकुळा : माझा जाऊ द्या. दीपिकाला ठाऊक नव्हते, हे सांगायला आता माझ्यावाचून कोणी उरलेले नाही.

पॉलीन : तिचा तरी टिकेल, असं वचन मी देत नाही. आणि उलटतपासणीत ते तुम्हाला सोडणार नाहीत.

बकुळा : वचने पुष्कळ झाली. लिहा. ‘मी, बकुळा कोंडीराम खैरे, निवृत्त मुख्याध्यापिका. सुनेला मी अंधारात ठेवले.’

पॉलीन : ...ठीक आहे. झालं. वाचून बघा.

बकुळा : बरोबर आहे. पेन द्या.

पॉलीन : सावकाश. हवं तर थोडं थांबू या.

दीपिका : सही वाकडी जातेय तुमची.

बकुळा : अंगठा देणार नाही मी.

दीपिका : नका देऊ. कागद मी धरते.