वरच्या खोलीत काय ठेवलंय?

...आणि वर तोंड करून म्हणतात काय, तर सुरक्षेसाठी! अहो, कुणाच्या सुरक्षेसाठी? नाही, तुम्हीच सांगा!

तुम्हाला सांगतो, माझी वहिनी तंत्रशाळेत शिकवते. इमारती उभ्या कशा राहतात, कुठल्या खोलीत किती वजन चालतं, खांब केवढा, बीम केवढा, हे सगळं मुलं तिच्या वर्गात कॉम्प्युटरवर करतात, आणि सरावाला तिनं त्यांना शाळेचीच इमारत दिलेली, कारण डोळ्यासमोर आहे, मोजायला फुकट आहे, आणि घंटा झाली की उठून घरी जाता येतं!

तर एक दिवस हुकूम आला. वर्गातलं सॉफ्टवेअर जुनं झालंय, त्याला भोकं पडलीत, भोकांतून चोर शिरतात, ताबडतोब अपडेट करा. आता चोर शिरून नेणार काय? पोरांनी चुकवलेले बीम? पण नाही... सुरक्षेसाठी!

मग उगवला कॉम्प्युटरवाला. त्याला सगळे 'थोडक्यात' म्हणतात, कारण तो तोंड उघडतो ते 'थोडक्यात सांगायचं तर' म्हणून आणि मिटतो तेव्हा समोरच्याचा चहा गार झालेला असतो. "थोडक्यात सांगायचं तर मॅडम, नवं सॉफ्टवेअर या मशीनवर चढत नाही, म्हणजे चढतं, पण चढून बसतं ते उतरत नाही, म्हणजे मशीनच नवी लागतील, म्हणजे आधी ही हलवावी लागतील, म्हणजे..."

वहिनी म्हणाली, "बरं."

त्या शाळेत इतकी वर्षं काढल्यावर माणसाचं असंच होतं बघा. राग येत नाही, हसू येत नाही, नुसतं 'बरं' येतं. दादा म्हणतो, लग्नात ही केवढी भांडकुदळ होती! आता घरात दूध उतू गेलं तरी ही बाई गॅसकडे बघत उभी असते.

बरं, जुनी मशीन टाकायची कुठे? ते बोजड डबे, एकेकाला दोघांनी धरायचं! भंगारात द्या? छे! आत माहिती आहे, माहिती चोरीला जाईल, कुलपात ठेवा! कुठल्या खोलीत? वहिनीच्या वर्गाच्या बरोब्बर डोक्यावर! तिथं आधीच जुन्या उत्तरपत्रिकांचे गठ्ठे छताला टेकलेले, लोखंडी कपाटं दाटीवाटीनं उभी, आणि त्यांच्या उरावर आता हे डबे. का? सुरक्षेसाठी!

झालं, नवी मशीन आली, नवं सॉफ्टवेअर चालू झालं, आणि ते निघालं चौकस! जुनं बिचारं खोली म्हणजे खोली असं मानून गप्प बसायचं. यात भाराची नवी मानकं भरलेली, ते प्रत्येक खोलीला विचारतं, इथं माणसं बसतात की सामान ठेवता? पुढच्या बाकावरची मुलगी म्हणाली, "मॅडम, वरच्या खोलीचं काय लिहू?"

"जे आहे ते लिही."

तिनं लिहिलं, 'कोठार'. आणि स्क्रीनवर अख्खा स्लॅब लालभडक! पोरांनी टाळ्या पिटल्या, "मॅडम, पडली, शाळा पडली!" वहिनीनं खडू घेतला, फळ्यावर हातानं हिशेब मांडला. तेच उत्तर. पुसला, पुन्हा मांडला. तेच! मग तिनं मान वर केली. छताला एक चीर होती. कितीतरी महिने होती. डोळ्यांना दिसत होती हो, पण तिला दिसत नव्हती.

"दप्तरं उचला," ती म्हणाली. "आजपासून वऱ्हांड्यात बसायचं."

प्राचार्यांकडे गेली. ते म्हणाले, "मॅडम, अपडेटच्या आधी इमारत ठणठणीत होती ना? मग बिघडवली कुणी? जुनं सॉफ्टवेअर परत टाका!"

थोडक्यात म्हणाला, "थोडक्यात सांगायचं तर सर, ते सुरक्षित नाही."

"मग मानकं जुनी घाला!"

"सर, त्यानं वजन कमी होत नाही," वहिनी म्हणाली.

"मग 'वर्ग' लिहा तिथं, 'कोठार' कशाला लिहायचं?"

"लिहिते. आधी कपाटं हलवा."

"त्याला परवानगी मागवावी लागेल!"

"बरं."

आणि दुसऱ्याच दिवशी, पोरं वऱ्हांड्यात, आत धप्प आवाज! जाऊन बघतात तर छताचा पोपडा, चांगला परातीएवढा, पुढच्या बाकावर. ती मुलगी दारातून वाकून म्हणाली, "मॅडम, माझा बाक."

तुम्हाला सांगतो, तेव्हा वहिनीच्या तोंडून 'बरं'सुद्धा निघालं नाही. त्या संध्याकाळी ती जेवायला बसली, दोन घास खाल्ले, मला म्हणाली, "भाऊजी, यात मीठ आहे का हो?" आमटी खारट झालेली, आम्ही सगळे पाणी पीत होतो! दादा म्हणाला, "अगं, रड तरी, नाहीतर भांड तरी कुणाशी!" ती म्हणाली, "येत नाहीये काही."

सकाळी मात्र तिनं शिपायाकडून किल्ली घेतली, वर गेली आणि पहिला गठ्ठा छातीशी धरून खाली आणला. मग दुसरा. कुणाला हाक नाही, काही नाही. पोरं बघत राहिली, मग उठली. थोडक्यातसुद्धा आला, आणि चमत्कार सांगतो, एक शब्द न बोलता डबे उतरवत राहिला! दिवेलागणीला खोली रिकामी.

प्राचार्य धावत आले, "परवानगी?"

"नाही घेतली."

मग सरकारी बांधकाम कार्यालयातून इंजिनिअर आला, छत ठोकून बघितलं, घाम पुसला. म्हणाला, "वेळेवर उतरवलंत. दुरुस्तीपर्यंत वर भार नको, खाली माणूस नको." पोरांचे वर्ग पलीकडच्या इमारतीत गेले. वहिनीच्या जुन्या वर्गात आता नवे कॉम्प्युटर एकटेच कुलपात, एकदम सुरक्षित!

संपलं म्हणता? अहो, शाळेनं लगेच सुरक्षा समिती नेमली! वहिनी सदस्य! आता समिती म्हटली की कागद, कागद म्हटले की कपाटं, कपाटं म्हटली की खोली... आणि रिकामी खोली शाळेत एकच होती! परवा पहिली बैठक. वहिनी जिना चढून गेली तर मधोमध हे एवढं सागवानी टेबल, भिंतीला नवीकोरी लोखंडी कपाटं, भोवती सगळी समिती समोसे खात बसलेली.

"सर," वहिनी दारातूनच म्हणाली, "या खोलीत भार टाकायचा नाही असं ठरलंय."

"अगदी बरोबर!" प्राचार्य म्हणाले. "लिहून घ्या रे! पुढच्या बैठकीत हाच पहिला विषय!"

"पुढची बैठक कुठे आहे?"

"इथंच!"

वहिनी म्हणाली, "बरं." आणि आपली खुर्ची उचलून खांबाला चिकटून बसली.