भाव सांगण्याचे काम

नाव वर नोंदवले आहे. बाजारात मला धाकटे शेठ म्हणतात. वय ४६ वर्षे. धंदा: गोठवलेल्या कोंबडीची आयात-निर्यात व घाऊक विक्री. राहणार: आमच्याच शीतगृहाच्या वरचा मजला.

मी पोलीस ठाण्यात समक्ष हजर राहून, विचारल्यावरून जबाब देतो की, वरील पत्त्यावर मी व माझे वडील असे दोघेच राहत होतो. धंदा वडिलांनी उभा केला. साखरेच्या आजाराने गेल्या वर्षी त्यांची दृष्टी पूर्ण गेली. तेव्हापासून रोज सकाळी चहाबरोबर त्यांना भाव वाचून दाखवण्याचे काम माझ्याकडे होते. आधी इथला भाव, मग बंदरावर उतरणाऱ्या परदेशी मालाचा, मग आपल्याकडून बाहेर जाणाऱ्या मालाचा. क्रम चुकला तर ते पुन्हा पहिल्यापासून वाचायला लावत. भाव सोडून जगात दुसरी बातमी नसते असे त्यांचे मत होते, त्यामुळे घरात रेडिओ किंवा टीव्ही नाही.

मी वडिलांना उपाशी मारले, असे माझ्या बहिणीने तक्रारीत लिहिले आहे. हे खोटे आहे. घरात कशाचीही कमी नव्हती. बहीण परगावी राहते, आठवड्यातून एकदा फोन करते आणि तेवढ्यावर तिला सगळे कळते.

वडील माझ्याशी कसे वागत, असे साहेबांनी विचारले. चांगले वागत. गिऱ्हाईक आले की माझी ओळख करून देत, "हा आमचा मुलगा. याला कोंबडीची तंगडी आणि टेबलाचा पाय यातला फरक कळत नाही, पण अक्षर छान आहे." गिऱ्हाईक हसे. मीही हसत असे. हे पंचवीस वर्षे चालले.

या वर्षी परदेशी कोंबडीवरचे आयात शुल्क कमी होणार अशी बोलवा होती. ज्या देशातून हा माल येतो तिकडचे लोक छातीचा माल खातात आणि तंगड्या मिळेल त्या भावाने बाहेर ढकलतात. शुल्क उतरले की त्या तंगड्या इथे येऊन भाव पाडणार, तेव्हा आपला साठा आताच विकावा, असे मी म्हणालो. वडील म्हणाले, "शुल्क उतरू दे. तिकडे पक्ष्यांत रोग आलाय, माल बंदरातच अडकणार. एक पेटीसुद्धा विकू नकोस, उलट भरून ठेव." मी वाद घातला. तेव्हा त्यांनी आमच्या मुकादमाला वर बोलावले आणि त्याच्यासमोर मला विचारले, "तुझ्या डोक्यात मी केव्हा मेलो?" मुकादम खाली बघत उभा होता. शीतगृह छतापर्यंत भरले.

पंधरवड्यात त्या देशाच्या मालावर रोगामुळे बंदी आली. इथला भाव एकदम चढला. शिवाय जे देश त्यांच्याकडून घेत होते ते आमच्याकडे मागू लागले, म्हणून निर्यातीचा भावही चढला. त्या सकाळी मी चहा घेऊन वडिलांच्या खोलीत गेलो. ते उठून बसले होते, केस विंचरलेले होते. "हं, वाच," म्हणाले. त्यांना काय ऐकायचे आहे आणि त्यानंतर ते मला काय म्हणतील, हे दोन्ही मला माहीत होते. मी वाचले की शुल्क उतरले, जहाजे लागली, भाव पडला.

त्यांनी कप चाचपडत खाली ठेवला. मग म्हणाले, "म्हणजे तुझं बरोबर होतं." हे वाक्य मी त्यांच्या तोंडून आयुष्यात पहिल्यांदा ऐकले. मला फार बरे वाटले, हे मी लपवत नाही. दुसऱ्या दिवशी मी भाव आणखी थोडा पाडला.

त्यानंतर ते मला विचारून बोलू लागले. "तुला काय वाटतं, सावरेल का?" असे विचारत. मी म्हणत असे, बघू. खाली गाड्या भरताना त्यांना ऐकू येत. इतक्या गाड्या कशाला, असे त्यांनी विचारले, तेव्हा तोट्यात माल काढतोय असे मी सांगितले. मुकादमाला मी ताकीद दिली होती की डॉक्टरांनी धंद्याचे बोलणे बंद केले आहे, वर जायचे नाही. बापाला किती जपतो, असे बाजारात माझे कौतुक झाले. बहिणीला त्यांनी स्वतःच काही सांगितले नाही. "तिला नको कळायला, लाज वाटते," म्हणाले.

मग त्यांनी पंखा बंद करायला लावला. एका वेळचे जेवण सोडले. मी ताट ठेवत असे, ते परत पाठवत. रोज इंजेक्शन द्यायला येणाऱ्या नर्सबाईला त्यांनी सांगितले, "बाई, आता आम्हाला परवडत नाही, येऊ नका." नर्सबाईने जिन्यात मला गाठून सांगितले की असे चालले तर आठवडाभरात जिवावर बेतेल. मी तिला आगाऊ पैसे देऊन यायला सांगितले. ती आली, पण त्यांनी हात पुढे केला नाही.

तेव्हा मी घाबरलो. दुसऱ्या सकाळी मी त्यांच्याजवळ बसलो आणि खरा भाव वाचला. तिन्ही भाव, क्रमाने. भाव कधी नव्हे इतका चढलाय, अर्धा साठा विकला, इंजेक्शन घ्या, असे म्हणालो. ते ऐकून हसले. चाचपडत माझा चेहरा शोधला आणि गालावर हात ठेवला. म्हणाले, "मला बरं वाटावं म्हणून खोटं बोलतोस होय रे? मी तुला इतकं टाकून बोललो, तरी तू असा. तू गुणी आहेस." हात त्यांनी काढला नाही. मग म्हणाले, "पुरे. आता खरं सांग."

मी सांगितले, आणखी पडला.

त्यांनी मान हलवली आणि भिंतीकडे तोंड करून झोपले. त्या दिवशी नर्सबाई आली तेव्हा त्यांनी दार उघडू दिले नाही. मी घरातच होतो. मुकादमाला वर बोलावले असते तर त्याच्यावर त्यांनी विश्वास ठेवला असता का, असे साहेबांनी विचारले. ठेवला असता. मी बोलावले नाही. संध्याकाळी त्यांनी बहिणीला फोन लावून मागितला आणि धंदा बुडवला म्हणून तिची माफी मागितली. पहाटे ते शुद्धीवर नव्हते. दवाखान्यात नेले, दुपारी वारले.

दिवसकार्याला आलेल्या बहिणीला मुकादमाने सहज सांगितले की मोठे शेठ नशीबवान, भरभराटीत गेले. त्यावरून तिने ही तक्रार केली आहे.

हा जबाब हवालदारांनी मला मोठ्याने वाचून दाखवला. त्यात शेवटी "वडिलांचा अंदाज चुकल्याने त्यांनी हाय खाल्ली" असे वाक्य घातले होते. ते मी खोडायला सांगितले. अंदाज माझा चुकला होता. वडिलांचे बरोबर होते. तसे लिहून घेतले व पुन्हा वाचून दाखवले, ते मी ऐकले आणि खाली सही केली.