नैसर्गिक सीमा

आक्का : एवढीशी रेघ? ही बोटभर?

भाऊ : हीच. हात नको लावूस आक्का, साहेबांच्या सहीची प्रत आहे.

आक्का : हात लावून आणखी काय वाटोळं व्हायचं राहिलंय? ओढली कुणी?

भाऊ : आयोगाने ठरवली. मतदारसंघांची पुनर्रचना असते ना, लोकसंख्या वाढली की हद्दी नव्याने...

आक्का : ठरवली कुणी ते विचारलं नाही, बाळ्या. ओढली कुणी?

भाऊ : मी. अख्ख्या कार्यालयात नकाशे काढणारा मी एकटाच. दुसरं कोण ओढणार?

आक्का : वा रे पठ्ठ्या! सख्ख्या बहिणीची नऊ गावं कापताना हात नाही थरथरला?

भाऊ : थरथरला असता तर साहेबांनी दुसऱ्यांदा काढायला लावली असती. बस आधी. पाणी पी. नावेनेच आलीस ना?

आक्का : मग काय उडत येऊ? दीड तास काठावर उभी होते. नावाडी म्हणे दहा माणसं भरल्याशिवाय सोडणार नाही. आणि इथे आले तर तुमचा फाटकावरचा विचारतो, ‘बाई, मतदारसंघ कुठला?’ म्हटलं, कालपर्यंत हाच होता बाबा, आजचं आत जाऊन विचारते.

भाऊ : तुला कळलं कुणाकडून? मसुदा तर कालच लागला.

आक्का : कंपाउंडरकडून. म्हणजे आपल्या आमदारसाहेबांकडून. स्वतः फोन केला. ‘आक्का, तुमचा काठ माझ्याकडून काढून घेतला, आता पुलाचं माझ्या हातात काही राहिलं नाही.’ माझ्या पायरीवर बसून तीन तीन कप चहा प्यायलेला माणूस! तीनशे चाळीस मतांनी आला तो. तीनशे चाळीस! आणि आमच्या काठाने त्याला चार हजार शंभर दिली, एकगठ्ठा. दारोदार कोण फिरलं होतं?

भाऊ : तू.

आक्का : गुडघे धरून फिरले. म्हटलं, आजवर आपण चहूकडे वाटले गेलो म्हणून कुणी विचारलं नाही. एकदा सगळे मिळून एकाच्या पदरात टाकू आणि मग त्याचा पदर धरू.

भाऊ : आणि ते चुकलं नव्हतं. त्याने पुलासाठी मातीच्या तपासणीचं मशीन आणलंच की काठावर. सत्तर वर्षांत पहिल्यांदा.

आक्का : मला सांगतोस? सगळ्यांची कुंडली पाठ आहे माझी. पहिला निवडून आला हेडमास्तर. गेला राजधानीला, परत आला तो थेट फोटोत. मधल्या दोघांना तर मी धरतच नाही. मग तुमचा वकील, तीनदा! दर खेपेला काठावर उभा राहून हात लांब करायचा, ‘इथून तिथपर्यंत!’ पूल नाही झाला, हात तेवढा लांबला. मग त्याचा जावई, दोनदा. ‘सासऱ्यांचं स्वप्न पुरं करणार’ म्हणे. आम्हाला सात पिढ्या झोप नाही आणि यांना स्वप्नं पडतायत.

भाऊ : हळू बोल. जावईबापूंचा माणूस बसतो शेजारच्या खोलीत.

आक्का : ऐकू दे. हरला ना तो?

भाऊ : हरला, पण आयोगाच्या सल्लागार समितीवर आहे. इथेच तर सगळं आहे, आक्का. आपल्या मतदारसंघात अकरा हजार माणसं जास्त भरत होती. ती काढायचीच होती. शहराकडच्या नव्या वसाहती काढल्या असत्या तर जावईबापूंची मतं गेली असती. तुमची नऊ गावं काढली की कंपाउंडरची जातात.

आक्का : आणि टाकलं कुठे आम्हाला?

भाऊ : डोंगरापलीकडे. हा नकाशाचा दुसरा तक्ता बघ. हा डोंगर, हा घाट, आणि हे त्यांचं मुख्य गाव.

आक्का : बहात्तर किलोमीटर आहे ते! दरड आली की चार चार महिने घाट बंद. तिथला आमदार काळा की गोरा हे आमच्यातल्या एकाला माहीत नाही. त्याला तरी माहीत आहे का, डोंगराखाली माणसं राहतात?

भाऊ : तिथे अडीच लाख मतं आहेत. तुमची चार हजार आली काय नि गेली काय.

आक्का : समुद्रात थुंकल्यासारखं. बरं, पूल कुठाय? इथे तुटक रेघ असायची ना? मागे तू मला दाखवली होतीस.

भाऊ : ‘प्रस्तावित पूल’. सव्वीस वर्षं काढतोय ती रेघ मी. दर नव्या नकाशावर, न चुकता. पण आता हा तक्ता नदीच्या मध्यावर संपतो. आणि तो तक्ताही मध्यावर संपतो.

आक्का : म्हणजे?

भाऊ : म्हणजे पूल हद्दीवर पडतो. हद्दीवरचं काम दोन्ही आमदारांनी मिळून मागायचं असतं.

आक्का : दोघांनी म्हणजे कुणीच नाही. सरळ बोल ना मेल्या.

भाऊ : कुणीच नाही.

आवकवाली : (आवक-टेबलावरून) काय हो नकाशेवाले, हरकती घेणं चारला बंद हां. मी शिक्का कपाटात टाकते नि कुलूप लावते, मग कुणी गयावया करू नका. ह्या कोण, बहीण का तुमची? चेहरा अगदी तोच. राग तेवढा जास्त.

आक्का : हो बाई, रागातला घरचा वाटा मीच घेतला. थांबा, हरकत द्यायलाच आलेय. ह्या बघा सह्या. सहाशे बारा. शिवाय एकेचाळीस अंगठे.

आवकवाली : सह्या नुसत्या चालत नाहीत, काकू. कारणाचा रकाना भरा आधी. कोरा रकाना मी घेत नाही.

आक्का : भर रे. कारण काय, ढीगभर कारणं आहेत. लिही.

भाऊ : कारणातच घोडं पेंड खातंय. आपण कारण देऊ ते आयोगाच्या कारणाला खोडणारं पाहिजे. त्यांनी काय लिहिलंय ऐक. ‘सदर नऊ गावे नदीमुळे मतदारसंघाच्या मुख्य भागापासून तुटलेली आहेत. नदी ही तेथील नैसर्गिक सीमा असल्याचे रहिवाशांनीच पूर्वी लेखी कळविले आहे.’

आक्का : रहिवाशांनी? आमच्यातल्या? कोण मेला तो घरभेदी? नाव सांग, परत गेल्या गेल्या त्याचं तंगडं मोडते.

भाऊ : पुरवणी चार.

आक्का : वाच की. चष्मा नाही आणला मी.

भाऊ : ‘आम्हाला त्या काठाचे धरू नये. आम्ही नदीने तोडलेले वेगळे लोक आहोत. पाणी असताना आम्हाला त्या काठाला बोलावणे म्हणजे आम्हाला बुडवणे आहे. माझे पती...’

आक्का : थांब.

भाऊ : आक्का...

आक्का : थांब म्हणते ना.

(आक्का त्या कागदावर तळहात ठेवते.)

आक्का : हे मी मतदानाच्या पेटीसाठी लिहिलं होतं.

भाऊ : माहीत आहे मला.

आक्का : पुढे लिहिलं होतं, ‘म्हणून पेटी आमच्या काठावर ठेवा.’ ती ओळ कुठाय?

भाऊ : उतारा त्याच्या आधी संपवलाय.

आक्का : पेटी या काठच्या शाळेत असायची. सकाळच्या खेपेला यांनी स्वतःचं मत देऊन टाकलं. मग दिवसभर नाव हाकली. शेवटच्या खेपेला वकिलाच्या माणसांनी बारा जणांच्या नावेत बावीस कोंबले, ‘पेटी बंद व्हायला आली, चला चला.’ हे नको म्हणत होते. मध्यावर नाव उलटली. पाच जणांना काढलं यांनी बाहेर. सहाव्याला आणायला परत गेले, ते आलेच नाहीत; यांच्यासकट सात गेले. तिसऱ्या दिवशी सापडले तेव्हा ओळखायला बोटावरची शाई तेवढी होती. आणि ते मत मोजलं गेलं बरं का! वकिलालाच दिलं होतं. तो निवडून आला नि मिरवणुकीतून उठून भेटायला आला, बँड बाहेर थांबवून. सतरा वर्षं झाली.

भाऊ : आणि त्या अर्जामुळे पेटी मिळाली तुमच्या काठाला.

आक्का : मिळाली. आयुष्यात एक काम झालं माझ्या लिहिण्याने. पण हा कागद इतक्या वर्षांनी आयोगाच्या हातात कसा आला? कपाटात धूळ खात पडला असेल ना? काढला कुणी?

भाऊ : मी.

आक्का : काय?

भाऊ : दोन वर्षांपूर्वी आयोगाने स्थानिक अडचणी मागवल्या होत्या. मला वाटलं, पुलासाठी याहून चांगलं काही नाही. दगडाला पाझर फुटेल असा अर्ज आहे तो, आक्का. मी तीन दिवस शोधला. स्वतःच्या हाताने फायलीला लावला. एवढंच वाटलं की कुणीतरी वाचावा.

आक्का : कुणी सांगितला होता तुला हा शहाणपणा? विचारायचंस तरी मला!

भाऊ : तुला चकित करणार होतो. मशीन आलं काठावर तेव्हा मला खरंच वाटलं, माझ्यामुळे आलं.

आक्का : गाढवा. अरे गाढवा! ...रडू नकोस. पन्नाशीचा बाप्या, लोक काय म्हणतील? पूस डोळे. सांग, आता काय लिहायचं?

भाऊ : एकच मार्ग आहे. हे बघ, लिहितो रकान्यात. ‘नदीचा कोणताही अडथळा नाही. वर्षभर ये-जा सुरळीत आहे. पूर्वीचा अर्ज मी दुःखाच्या भरात केला होता, तो वस्तुस्थितीला धरून नव्हता.’ तूच लिहिलंस, तूच मागे घेतलंस, तर त्यांच्या कारणाचा पायाच जातो.

आक्का : आणि रेघ पुसली जाईल?

भाऊ : जाऊ शकते.

आक्का : किती जणांच्या पुसल्या आजवर?

भाऊ : मागच्या पुनर्रचनेत दोनशे हरकती आल्या. दोन मान्य झाल्या.

आक्का : कुणाच्या?

भाऊ : दोन्ही आपल्या वकीलसाहेबांच्याच.

आक्का : छान. बरं, समज, देव पावला नि रेघ पुसली. आम्ही राहिलो इथेच. मग पूल?

भाऊ : पुलाचं म्हणशील तर...

आक्का : बोल ना. तोंडात काय धरलंयस?

भाऊ : या कागदाची एक प्रत बांधकाम खात्यात जाते. ये-जा सुरळीत आहे असं तुम्हीच म्हटल्यावर ते पुलाचं काम रद्द करतील.

आक्का : म्हणजे अडथळा आहे म्हटलं तर आम्ही तुमचे नाही, आणि नाही म्हटलं तर पूल नाही.

भाऊ : हो.

आक्का : कुणी डोकं लढवलं रे हे?

भाऊ : कुणीच नाही, आक्का. कुणी एवढा विचारही केला नसेल तुमचा.

आवकवाली : दहा मिनिटं राहिली हो.

भाऊ : ऐक माझं. कर सही. पूल नंतर बघू. निदान मत इथे राहील. तीनशे चाळीसचा फरक असतो तिथे तुमची चार हजार पुन्हा कामी येतील. पाच वर्षांनी, दहा वर्षांनी.

आक्का : मी सत्तरीला टेकले. आणि ते लोक विचारतील, अडथळा नव्हता तर त्या दिवशी सात माणसं कशी गेली? त्याला काय लिहायचं?

भाऊ : अपघात म्हणू. नावेत क्षमतेपेक्षा जास्त माणसं होती.

आक्का : नाव कुणाची होती?

भाऊ : आक्का, ते तसं नाही...

आक्का : नाव यांची होती. जास्त माणसं भरली म्हणजे नावाड्याने भरली. असंच वाचेल ना वाचणारा?

भाऊ : असंच वाचेल.

आक्का : सातही माणसं यांच्या माथी. मग त्या सहा घरांच्या सुनांच्या डोळ्याला डोळा भिडवून मी बसू कशी? त्यांच्याही सह्या आहेत या गठ्ठ्यात.

भाऊ : कोण वाचतंय गं इतकं खोलात? एक सही आहे. नऊ गावं तुझ्या भरवशावर बसलीत. रिकाम्या हाताने जाऊन काय सांगशील त्यांना?

आक्का : सांगेन, कारणाचा रकाना होता, त्यात लिहायला माझ्याकडे खरं काही नव्हतं.

भाऊ : हट्ट करू नकोस. पुन्हा संधी नाही. मी मग जन्मभर...

आक्का : तू काही वाईट नाही केलंस. चांगलं करायला गेलास, आपल्या घराण्यात ती खोडच आहे. आण तो कागद इकडे.

भाऊ : सही करतेस?

आक्का : नाही. फाडते.

आवकवाली : काकू, काय करताय! येतंय की नाही तुमचं? शिक्का ठेवू का आत?

आक्का : ठेवा बाई, ठेवा. आमचं काही नाही.

भाऊ : आक्का, एकदा विचार कर. नुसता कागद आहे गं.

आक्का : नुसता कागद कसा? जन्मभर अर्ज केले मी, बाळ्या. रस्त्याला केले, दवाखान्याला केले, पुलासाठी तर किती केले गणती नाही. त्यातली एकच गोष्ट सरकारने खरी मानली, माझा माणूस नदीने नेला ही. ती तरी मी खोटी म्हणायला नको.