खरं बोलायला लावणारी अंगठी

झरकाबमध्ये जादूच्या वस्तू घरात नकोशा झाल्या, की लोक त्या टेकडीखालच्या तळघरात ठेवायला आणतात. मी माझा उडता गालिचा काखेत दाबून रांगेत उभा होतो. पुढे एक बाई होती आणि खिडकीत राखणदार बेहलूल.

"काय आणलंय, खाला?"

"अंगठी. घालणाऱ्याला खरंच बोलावं लागतं. काल नवरा ती घालून जेवायला बसला."

"मग?"

"माझ्या मसुरीच्या शोरब्याबद्दल झोपेपर्यंत बोलत होता. आणि मी लग्न झाल्यापासून त्याला आवडतो म्हणून रोज करतेय."

"द्या इकडे. घालून पारखावी लागते."

"पारखा. खाली नीट राहील ना?"

"खाली पाणी शिरलंय. दिव्यांतले जिन सारखे खोकत असतात. गुप्त करणारी टोपी कुठे ठेवलीय, कुणालाच माहीत नाही. आणि मी स्वतः कधी खाली उतरलेलो नाही, मला अंधाराची भीती वाटते."

बाईने त्याच्या बोटातल्या अंगठीकडे हात केला.

"अंगठी काढा आधी."

"काढली."

"आता सांगा."

"अहो, सात कुलपं आहेत. व्यवस्था एकदम चोख. तुम्ही निर्धास्त जा."

"आता कसं, ऐकून बरं वाटलं. घ्या ठेवून. मला घरी जाऊन शोरबा करायचाय."