पार्बताबाईचा आवाज

(अकोला, १९४९चा उन्हाळा. दुपारचा खेळ सुटल्यावर, टॉकीजच्या मागच्या ओसरीवर.)

रविकांत – चित्र मला पसंत आहे, खुशालराव. पुण्यात लावायला मी तयार आहे. फक्त त्यातल्या आईचा आवाज बदला.

खुशालराव – म्हंजे?

रविकांत – काम त्या बाईंचंच राहू द्या. सुरेख केलंय. पण बोलणं एखाद्या पुण्याच्या नटीकडून पुन्हा भरून घ्या. ही वऱ्हाडी तिकडे कुणाला समजायची नाही.

खुशालराव – जरा हळू बोला. ते आई तुमच्या मागंच बसली हाये.

रविकांत – या? मला वाटलं, आईचं काम करणाऱ्या नाटक कंपनीतल्या कुणी असतील.

खुशालराव – माही मोठी बहीन, पार्बता आक्का. अमरावतीले आमचा फुलाचा मळा हाये. तिथंच शूटिंग होतं. ठरवलेली नटी तिथलं ऊन पाहूनच वापस गेली. कॅमेरा लागलेला, समदे लोकं जमा. मंग आक्काले म्हटलं, तू उभी राय.

पार्बताबाई – मी त नाहीच म्हनत होती. हा म्हने, घरी बोलतं तसं बोल. म्हनून जमलं. बदला भाऊ तुमी आवाज. याचा शिनेमा चालला पायजे.

खुशालराव – नाही आक्का.

पार्बताबाई – काहून नाही? मले काही वाईट वाटून नाही राह्यलं. शिनेमाचा तंबू घेऊन धामनगाव-चांदूरच्या जत्रा फिरला तू. मंग कोल्हापुरात राह्यला. लढाईच्या दिवसात कोऱ्या फिल्मचा परवाना भेटे ना, तवा हात बांधून बसला. आता कुठं पुन्याचा मानूस दाराशी आला.

खुशालराव – माहे आधीचे तिन्ही पिच्चर पाह्यले तू. काय म्हटलं होतं?

पार्बताबाई – चांगले हाये म्हटलं.

खुशालराव – अन् मंग?

पार्बताबाई – मंग म्हटलं, यातले मानसं सभेत बोलल्यावानी बोलतेत.

खुशालराव – ते लागलं मले, रविकांतभाऊ. खरं होतं ना. मी वऱ्हाडातला, अन् माह्या पिच्चरमंदी माह्या घरच्यावानी एकही मानूस बोलत नव्हता. म्हनून हा चौथा आपल्या मळ्यात केला. आज पाह्यलं न तुमी, बाया पडद्याले उत्तरं देऊन राहिल्या होत्या.

रविकांत – अकोल्याच्या देणारच. पुण्याच्या देतील का? हे चित्र पडलं, तर तिकडचा दुसरा कुणी तुमच्याकडे फिरकणार नाही. म्हणून सांगतोय.

पार्बताबाई – भाऊ, एक पुसू? शिनेमात पोरगी सासर सोडून येते, तवा मी तिले काय म्हनतो, आठवते तुमाले?

रविकांत – आठवतं की. ‘आधी हात धू, जेव. काहून आली म्हनून कोनी पुसलं, त त्याले माह्याकडं धाडजो.’

पार्बताबाई – समजलं तुमाले?

रविकांत – समजलं.

खुशालराव – चष्मा काढून डोये पुसत होते तुमी. मी बाजूलेच होतो.

रविकांत – आमची मावशी अशीच परत आली होती. तिला दारातच उभं करून सगळ्यांनी कारण विचारलं. मी लहान होतो, पण ती तशी उभी असलेली अजून दिसते मला.

पार्बताबाई – आता कुठं हाये ते?

रविकांत – पुण्यातच. मुलींच्या शाळेत शिकवते. बरं चाललंय तिचं.

पार्बताबाई – मंग तिले दाखवजा शिनेमा.

रविकांत – दाखवतो. खुशालराव, राहू द्या आवाज आहे तसाच. एका टॉकीजला लावून बघू. नाही चाललं तर दोष माझा.

खुशालराव – दोघाईचा.

रविकांत – पण पहिल्या खेळाला तुम्ही दोघांनी यायचं. पुढच्याच महिन्यात लावतो.

पार्बताबाई – पुढच्या महिन्यात? तवा मोगऱ्याचा भर असते. फुलं कोन तोडन?

रविकांत – मग खुशालराव तरी? निर्माता नको का तिथे?

खुशालराव – मी बी मळ्यातच राहीन, भाऊ. माहं काम झालं. आता लोकाईनं पाहावं.

पार्बताबाई – अन् तुमच्या मावशीले सांगजा, मोगरा सरला का मी येतो. शिनेमासाठी नाही, तिले भेटाले.